ऐकणाऱ्या नटाची कला : गजानन जागीरदार यांच्या चरित्रभूमिका

१

मराठी नाट्यसमीक्षेने नाटककाराचा विचार जितक्या साक्षेपाने केला तितक्या साक्षेपाने नटाचा केला नाही. आणि नटांमध्येही गायक-नटाचा व नायकाचा जेवढा केला तेवढा चरित्रनटाचा केला नाही. याचे कारण उघड आहे. नाटककाराची संहिता मागे उरते. गायक-नटाची पदे लोकांच्या ओठी राहतात आणि पुढे ध्वनिमुद्रिकांतून जपली जातात. नायकाभोवती आख्यायिकांचे वलय जमते. चरित्रनटाच्या वाट्याला मात्र यांपैकी काहीच येत नाही. तो कथेतला बाप असतो, शेजारी असतो, न्यायाधीश असतो, गुरुजी असतो. प्रेक्षकाला त्याचा चेहरा ओळखीचा वाटतो. परंतु नाव विचारले असता तो क्षणभर अडखळतो. ज्या कलावंताचे यश आपल्या व्यक्तित्वाच्या विलोपनात आहे, त्याची नोंद इतिहासात कशी ठेवावयाची, हा प्रश्न म्हणूनच केवळ भावनेचा नसून समीक्षापद्धतीचा आहे.

गजानन जागीरदार (१९०७-१९८८) यांच्या कारकिर्दीचा विचार या प्रश्नाच्या संदर्भात करणे विशेष फलदायी ठरते. ते नट होते, दिग्दर्शक होते, अभिनयाचे शिक्षक होते, ग्रंथकार होते. नायकाच्या रूढ कल्पनेत न बसणाऱ्या, परंतु कथेचा नैतिक भार पेलणाऱ्या व्यक्ती त्यांनी मराठी व हिंदी पडद्यावर चार दशकांहून अधिक काळ उभ्या केल्या. १९४१ सालच्या ‘शेजारी’तील मिर्झा आणि १९८१ सालच्या ‘उमराव जान’मधील मौलवी यांच्यामध्ये चाळीस वर्षांचे अंतर आहे. या अंतरात चित्रपटाची भाषा बदलली, तंत्र बदलले, प्रेक्षक बदलला. तरीही जागीरदारांच्या उत्तम भूमिकांमधून एक सूत्र अखंड वाहताना दिसते. त्यांच्या अभिनयाची खरी शक्ती बोलण्यापेक्षा ऐकण्यात आहे, असे हे सूत्र थोडक्यात सांगता येईल. या विधानाची छाननी त्यांच्या काही निवडक भूमिकांच्या आधारे करावयाची आहे.

२

जागीरदारांचा जन्म २ एप्रिल १९०७ रोजी अमरावती येथे झाला. वऱ्हाडच्या सांस्कृतिक इतिहासात अमरावतीला नाट्यप्रेमाची परंपरा आहे. १९०५ साली मुंबईस भरलेल्या पहिल्या मराठी नाट्यसंमेलनाचे अध्यक्षपद अमरावतीच्या दादासाहेब खापर्ड्यांकडे होते. ‘राक्षसी महत्त्वाकांक्षा’ आणि ‘रणदुंदुभि’ ही नाटके लिहिणारे वीर वामनराव जोशी हे अमरावतीचेच. पहिल्या नाटकाने ललितकलादर्शच्या केशवराव भोसल्यांना आणि दुसऱ्याने बळवंत संगीत मंडळीच्या मास्टर दीनानाथांना मोठ्या भूमिका दिल्या. अकोल्यास १९१२ साली हरि नारायण आपटे यांच्या अध्यक्षतेखाली साहित्यसंमेलन भरले होते. मुंबईहून भुसावळमार्गे नागपूरकडे जाणारा लोहमार्ग अकोला, मूर्तिजापूर, बडनेरा या गावांवरून जात असल्याने आणि कापसाच्या बाजारपेठेमुळे येथे पैसा खेळत असल्याने फिरत्या नाटक मंडळ्यांना वऱ्हाडचा मुलूख परका राहिला नाही.

एवढे सर्व मांडून झाल्यावर, ‘जागीरदारांचा अभिनय हे या भूमीचे फळ होय’, असा निष्कर्ष काढण्याचा मोह सहज होतो. तो आवरला पाहिजे. जन्मस्थान हा जन्माचा पुरावा आहे, अभिनयाचा नव्हे. प्रादेशिक अभिमानाने लिहिलेल्या चरित्रांत एक दोष वारंवार आढळतो. कलावंताचा गाव आणि कलावंताची कला या दोहोंमध्ये ‘म्हणून’ हा शब्द घातला की कार्यकारणभाव सिद्ध झाला, असे मानण्यात येते. जागीरदारांची कला पुण्या-मुंबईच्या चित्रसृष्टीत घडली. प्रभात फिल्म कंपनीच्या शिस्तीत तिला आकार आला. त्यांच्या महत्त्वाच्या भूमिकांत वऱ्हाडी बोलीचा ठसा हे लक्षण नाही.

या शेवटच्या गोष्टीचा थोडा अधिक विचार व्हावयास हवा. अलीकडच्या काळात वऱ्हाडी नट म्हणजे वऱ्हाडी बोली बोलणारा नट, असे समीकरण लोकमानसात रूढ होत आहे. २०१४ साली सुरू झालेल्या ‘चला हवा येऊ द्या’ या कार्यक्रमातून भारत गणेशपुरे यांच्यासारख्या अमरावतीच्या नटाने ही बोली घरोघर पोहोचविली, हे तिच्या दृष्टीने चांगलेच झाले. तथापि, एखाद्या प्रदेशाचा रंगभूमीवरील वाटा केवळ बोलीने आणि तोही केवळ विनोदाच्या अंगाने मोजला जाऊ लागला, तर जागीरदारांसारखा नट त्या मापात मावणार नाही. तो वऱ्हाडच्या यादीतूनही वगळला जाईल आणि पुण्याच्या यादीत एका ओळीपुरता उरेल. म्हणून प्रथम माप तपासले पाहिजे.

३

जागीरदारांच्या पिढीला अभिनयाचा जो वारसा मिळाला तो प्रामुख्याने गद्य रंगभूमीचा होता. शाहूनगरवासी मंडळीत गणपतराव जोश्यांनी आणि पुढे महाराष्ट्र नाटक मंडळीतील नटांनी जी परंपरा घडविली, तिचा प्राण शब्द होता. भरताने अभिनयाचे आंगिक, वाचिक, आहार्य आणि सात्त्विक असे चार प्रकार सांगितले. मराठी गद्य नाटकाने यांपैकी वाचिकाला सिंहासनावर बसविले. मोठ्या नाट्यगृहात, ध्वनिवर्धकाच्या साह्याविना, अगदी मागल्या रांगेपर्यंत शब्द पोहोचवावयाचा असेल तर दुसरा मार्गही नव्हता. भाषण करणाऱ्या पात्राकडे सर्वांचे लक्ष. समोरच्या पात्राने आपली पाळी येईपर्यंत उभे राहावयाचे, अशी ही व्यवस्था होती.

१९३३ साली नाट्यमन्वंतर या संस्थेने ‘आंधळ्यांची शाळा’ रंगभूमीवर आणले आणि या व्यवस्थेला पहिला जाणीवपूर्वक धक्का दिला. ब्यर्न्सन या नॉर्वेजियन नाटककाराच्या नाटकावरून श्री. वि. वर्तकांनी ते रचले होते. संभाषण म्हणजे दोन व्यक्तींमधील व्यवहार आहे, दोन भाषणांची बेरीज नव्हे, ही जाणीव त्या प्रयोगाने मराठी नटाला करून दिली. त्या प्रयोगात अग्रभागी असलेले केशवराव दाते पुढे प्रभातच्या ‘कुंकू’त (१९३७) वृद्ध वराच्या भूमिकेत दिसले, आणि ‘शेजारी’त जागीरदारांच्या समोर उभे राहिले. रंगभूमीवरून चित्रपटाकडे जाणारी ही वाट समजून घेतल्याविना जागीरदारांचे वेगळेपण ध्यानात येणार नाही.

चित्रपटाच्या यंत्राने या प्रश्नाला एक नवेच वळण दिले. रंगमंचावर प्रेक्षकाची दृष्टी कोठे जावी हे नट आवाजाने ठरवितो. पडद्यावर ते कॅमेरा ठरवितो. कॅमेरा बोलणाऱ्याला सोडून ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावर जाऊन थांबू शकतो. तेव्हा त्या चेहऱ्यावर काय घडते, यावर प्रसंगाचे भवितव्य अवलंबून राहते. भरताच्या परिभाषेत सांगावयाचे तर वाचिकाचे काही अधिकार येथे सात्त्विकाकडे जातात. गद्य रंगभूमीवरून आलेल्या अनेक समर्थ नटांना हा अधिकारबदल पूर्णपणे मानवला नाही. ते पडद्यावरही उत्तम बोलत राहिले आणि समोरचा बोलू लागला की प्रसंगातून बाहेर पडत राहिले. हौशी रंगभूमीवरून चित्रपटात आलेल्या जागीरदारांनी मात्र ऐकणे ही एक क्रिया आहे, हे ओळखले.

येथे वऱ्हाडातल्याच एका वेगळ्या उदाहरणाचे स्मरण होते. गाडगेबाबांचे कीर्तन हा एकट्याचा वाग्विलास नव्हता. बाबा प्रश्न विचारीत, श्रोते उत्तर देत, त्या उत्तरातून पुढचा प्रश्न निघे. श्रोता गप्प राहिला असता तर ते कीर्तन उभेच राहिले नसते. या कीर्तनाचा जागीरदारांवर संस्कार झाला, असे सुचविण्याचा येथे हेतू नाही; तसे करणे म्हणजे मघाशी दूर सारलेला ‘म्हणून’ मागल्या दाराने आत घेणे होईल. तथापि, ऐकणारा हाही प्रयोगाचा कर्ता असतो, हे तत्त्व समजावून घेण्यास वऱ्हाडच्या विद्यार्थ्याला दूर जावयास नको, एवढे त्यातून निश्चित दिसते.

४

प्रभातचा ‘शेजारी’ १९४१ साली व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली तयार झाला. कथा विश्राम बेडेकरांची. एका खेड्यात जिवबा पाटील आणि मिर्झा हे दोन वृद्ध शेजारी. दोघांचा स्नेह जुना. धरणाच्या योजनेसह गावात येणारा ओंकार हा धनिक आपल्या कार्यसिद्धीसाठी या स्नेहात फूट पाडतो. अखेरीस फुटलेल्या धरणाच्या लोंढ्यात दोघे मित्र एकत्र मृत्यू पावतात. देशात हिंदू-मुसलमानांमधील दुरावा वाढत असतानाच्या त्या दिवसांत हा विषय निवडणे हे धाडसाचे होते. त्याहूनही बोलकी होती ती पात्रयोजना. ‘पडोसी’ या हिंदी आवृत्तीत हिंदू ठाकूर मझहर खान यांनी रंगविला आणि मुसलमान मिर्झा जागीरदारांनी. मराठी आवृत्तीतही मिर्झा जागीरदारच होते. समोर जिवबाच्या भूमिकेत केशवराव दाते होते.

जागीरदारांच्या अभ्यासकाला या योगायोगाने एक दुर्मिळ साधन मिळवून दिले आहे. तीच भूमिका, तोच नट, तोच दिग्दर्शक, तेच प्रसंग. बदलला आहे तो फक्त समोरचा सहकारी आणि भाषा. एका बाजूला गद्य रंगभूमीत मुरलेले दाते आहेत. त्यांच्या वाक्याला आरोह-अवरोहाची घडीव रचना आहे. दुसऱ्या बाजूला मूकपटाच्या काळापासून कॅमेऱ्यासमोर वावरलेले मझहर खान आहेत. त्यांचा भर देहाच्या स्थिर वजनावर आहे. ऐकणारा नट खरोखरच ऐकत असेल, तर या दोघांसमोरची त्याची प्रतिक्रिया एकसारखी राहूच शकत नाही. दात्यांसमोरचा मिर्झा आणि मझहर खानांसमोरचा मिर्झा यांची प्रसंगवार तुलना हा पदव्युत्तर पातळीवरच्या प्रबंधास पुरेसा विषय आहे. असे साधन मराठी अभिनयाच्या इतिहासात फार थोड्या ठिकाणी उपलब्ध आहे.

मिर्झाच्या भूमिकेचे मर्म असे की, त्याचे शोकपर्यवसान त्याच्या ऐकण्यातूनच घडते. जुन्या मित्राचे जे न बोललेलेही त्याला ऐकू येत असे, ते मध्ये तिऱ्हाइताचा आवाज शिरताच ऐकू येईनासे होते. द्वेष हा येथे मोठ्या आवाजाच्या रूपाने येत नाही. कान बंद होण्याच्या रूपाने येतो. जो नट ऐकण्याचा अभिनय करू शकतो, तोच ऐकणे थांबल्याचा अभिनय करू शकेल. मिर्झाचा मूळचा प्रेमळपणा केवळ संवादांतून प्रकट झाला असता, तर त्याचा दुरावाही संवादांपुरताच राहिला असता. जागीरदार तो चेहऱ्याच्या मिटण्यातून दाखवितात आणि म्हणूनच शेवटच्या भेटीला तिचे मोल प्राप्त होते.

या वेळी जागीरदारांचे वय अवघे चौतिशीच्या आसपास होते, ही गोष्ट सहसा विसरली जाते. तरुण नटाने वृद्ध रंगविणे म्हणजे पाठीला बाक, हातात काठी आणि आवाजात कंप, ही रंगभूमीची ठरलेली सामग्री होती. पाश्चात्त्य चित्रपटातही याचे प्रसिद्ध उदाहरण आहे. मुर्नाऊच्या ‘द लास्ट लाफ’ या १९२४ सालच्या जर्मन मूकपटात एमिल यानिंग्ज या चाळिशीतल्या नटाने हॉटेलच्या वृद्ध द्वारपालाची भूमिका केली, ती मुख्यतः देहाच्या खचण्यातून. जागीरदारांनी म्हातारपण देहापेक्षा काळाच्या अंगाने पकडले. वृद्ध मनुष्य शब्द ऐकतो आणि उत्तर देतो यांच्यामध्ये एक अंतर असते. त्या अंतरात त्याचे सारे आयुष्य येऊन जाते. ते अंतर राखणे हीच जागीरदारांच्या वार्धक्याच्या अभिनयाची किल्ली होय.

५

‘रामशास्त्री’ (१९४४) हा जागीरदारांच्या कारकिर्दीतील कळसाचा चित्रपट मानला जातो आणि ते योग्यच आहे. प्रारंभी राजा नेने व नंतर विश्राम बेडेकर यांच्या हातून गेलेले दिग्दर्शनाचे काम अखेर जागीरदारांनी पूर्णत्वास नेले. मुख्य भूमिकाही त्यांचीच. बालपणीच्या रामाची भूमिका अनंत मराठे यांनी केली, तर आनंदीबाई ललिता पवारांनी उभी केली. येथे चरित्रनट प्रथमच कथेच्या मध्यभागी आला. प्रश्न असा की, मध्यभागी आल्यावर तो नायक झाला, की चरित्रनटच राहिला?

ऐतिहासिक रामशास्त्री प्रभुणे हे पेशवाईतील न्यायाधीश. ३० ऑगस्ट १७७३ रोजी नारायणराव पेशव्यांचा शनिवारवाड्यात खून झाला. त्या प्रकरणी रघुनाथरावांना दोषी ठरवून देहान्त प्रायश्चित्त सांगणारा पुरुष म्हणून ते महाराष्ट्राच्या स्मृतीत राहिले आहेत. असे पात्र हाती आले की मराठी नटाला आणि नाटककाराला पल्लेदार भाषणाचा मोह होणे स्वाभाविक आहे. सत्तेसमोर सत्य बोलणारा मनुष्य म्हणजे बोलणारा मनुष्य, असे आपण गृहीत धरतो. परंतु न्यायाधीशाचे पद नीट पाहिले तर ते मुळात ऐकणाऱ्याचे पद आहे. त्याने एका वाक्यात निवाडा द्यावयाचा असतो. त्यापूर्वी वादीचे, प्रतिवादीचे, साक्षीदारांचे आणि सर्वांत शेवटी आपल्या सदसद्विवेकाचे ऐकावयाचे असते. त्या निवाड्याचे वजन शब्दांच्या घडणीतून येत नाही; त्याआधी किती आणि कसे ऐकले यातून येते.

जागीरदारांचा रामशास्त्री या जाणिवेवर उभा आहे. अर्थात त्यात गद्य रंगभूमीची शब्दफेक नाही, असे नव्हे. ती आहे, आणि काही ठिकाणी ती चित्रपटाच्या प्रकृतीपेक्षा वरचढही होते. उपदेशाच्या प्रसंगी वाक्ये प्रेक्षागृहाकडे पाहून उच्चारल्यासारखी वाटतात. शास्त्रीबोवा क्षणभर वक्ते होतात. त्यातच दिग्दर्शक आणि नट एकच असल्याने नटाला बाहेरून पाहणारा डोळा कमी पडतो, ही अडचण होतीच. हा दोष मान्य केला पाहिजे. परंतु याच भूमिकेत दुसरा, अधिक खोल असा अभिनयही आहे, आणि तो शास्त्र्यांच्या मौनात आहे. समोरचा मनुष्य बोलत असताना त्याच्या शब्दांतले कोणते खरे व कोणते खोटे याची निवड शास्त्र्यांच्या दृष्टीत चाललेली असते. राजसत्तेच्या प्रतिनिधीपुढेही ही निवड थांबत नाही. त्यामुळे निवाड्याचा क्षण येतो तेव्हा तो आकस्मिक शौर्याचा वाटत नाही. इतका वेळ ऐकलेल्याचे अटळ फलित वाटतो. ‘रामशास्त्री’त दोन नट वावरतात, असे म्हटले तरी चालेल. एक गद्य रंगभूमीचा, दुसरा पडद्याचा. आणि चित्रपटाचे श्रेष्ठत्व मुख्यतः दुसऱ्याच्या हाती आहे.

म्हणून वरील प्रश्नाचे उत्तर असे द्यावे लागते की, मध्यभागी येऊनही जागीरदार चरित्रनटच राहिले. त्यांनी रामशास्त्र्यांना नायक केले नाही. नायकपणाची कल्पनाच शास्त्र्यांच्या आसनाजवळ आणली. १९४४ साली परकीय राज्यकर्त्यांच्या न्यायासनासमोर जगणाऱ्या प्रेक्षकाला, सत्ताधीशालाही समान मापाने मोजणारा न्यायाधीश पडद्यावर पाहावयास मिळाला, हे या यशाचे सामाजिक अंग होय.

६

यानंतरच्या काळात जागीरदारांच्या वाट्याला हिंदी चित्रपटातील असंख्य वडीलधारी माणसे आली. या टप्प्याकडे मराठी समीक्षक बहुधा उपेक्षेने पाहतात. ‘रामशास्त्री’नंतर उतार लागला, असा सूर ऐकू येतो. या मतात तथ्य आहे, पण ते अर्धे आहे. हिंदी चित्रपटाच्या व्यवसायाला ठरावीक साच्यातले बाप लागत आणि त्या साच्यात कोणीही बसू शके. ‘हम दोनों’मध्ये (१९६१) जागीरदार नायिकेचे वडील आहेत. बेकार तरुणाला मुलगी देण्यास नाखूश असलेला संपन्न बाप, हा साचा त्याआधी शेकडो वेळा वापरला गेला होता. भूमिका आखूड आहे आणि तिचे कार्य नायकाला सैन्याच्या वाटेवर ढकलणे एवढेच आहे. अशा कामात प्रतिष्ठा राखता येते. शोध घेता येत नाही. एका समर्थ नटाची बरीच वर्षे केवळ प्रतिष्ठा राखण्यात गेली, ही हानी लहान नव्हे.

तथापि, ‘गाइड’ (१९६५) हा चित्रपट या सरसकट निकालाला अपवाद आहे. आर. के. नारायण यांच्या कादंबरीतील वेलन या खेडुताचे चित्रपटात भोला झाले आणि ती भूमिका जागीरदारांकडे आली. तुरुंगातून सुटलेला, कोठे जावे हे न कळणारा राजू एका जीर्ण देवळात विसावतो. भोला त्याला साधू समजतो, त्याच्यापुढे आपल्या बहिणीच्या लग्नाची अडचण मांडतो आणि त्याचे शब्द प्रसादासारखे झेलतो. राजू संत होतो तो आपल्या गुणांनी नव्हे. भोला त्याचे ज्या रीतीने ऐकतो त्या रीतीने होतो. श्रोत्याने वक्त्याला घडविल्याचे याहून स्पष्ट उदाहरण शोधूनही सापडणार नाही. भोलाची श्रद्धा जर बावळट वाटली असती, तर राजूचे रूपांतर हास्यास्पद ठरले असते. ती जर धूर्त वाटली असती, तर पुढचा उपवास अर्थशून्य झाला असता. चित्रपटाच्या उत्तरार्धाचा तोल या एका चेहऱ्यावर सावरलेला आहे. नायकाची मोठी भूमिका शक्य व्हावी म्हणून चरित्रनटाला किती काम करावे लागते, ते येथे दिसते.

मुझफ्फर अली यांच्या ‘उमराव जान’मध्ये (१९८१) जागीरदार मौलवी झाले. मिर्झा हादी रुसवा यांच्या १८९९ सालच्या उर्दू कादंबरीवर आधारलेल्या या चित्रपटात, लखनौच्या कोठ्यावर विकल्या गेलेल्या मुलीला अक्षरांची आणि काव्याची ओळख करून देणारा हा गुरू आहे. पात्राचा अवकाश मर्यादित आहे. परंतु ज्या घरात प्रत्येक जण त्या मुलीकडे विक्रीची वस्तू म्हणून पाहतो, त्या घरात ती काय म्हणते हे ऐकणारा मनुष्य म्हणून मौलवींचे अस्तित्व आहे. पुढे उमराव कवयित्री होते, याची पूर्वतयारी या ऐकण्यात आहे. चाळीस वर्षांपूर्वीच्या मिर्झाशी या मौलवीचे नाते केवळ वेषाचे नाही.

या वेळी जागीरदार खरोखरीच वृद्ध होते. वय त्र्याहत्तर ओलांडलेले. चौतिसाव्या वर्षी कल्पनेने जे अंतर त्यांनी राखले होते ते आता देहाने आपोआप दिले. स्वीडनचे आद्य दिग्दर्शक व्हिक्टर श्योस्त्रोम यांनी अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी बर्गमनच्या ‘वाइल्ड स्ट्रॉबेरीज’मध्ये (१९५७) वृद्ध प्राध्यापकाची भूमिका केली, तिचे येथे स्मरण व्हावे. दिग्दर्शक म्हणून इतरांचे चेहरे पाहण्यात ज्याचे आयुष्य गेले, तो म्हातारपणी स्वतःच्या चेहऱ्यावर काही करीत नाही आणि तरीही सर्व काही दिसते. श्योस्त्रोम यांना त्यासाठी संपूर्ण चित्रपट मिळाला. जागीरदारांना काही प्रसंग मिळाले. भारतीय चित्रव्यवसायाने आपल्या वृद्ध नटांशी कसा व्यवहार केला, याचे हे एक माप आहे.

७

जागीरदारांनी दिग्दर्शक म्हणून ‘पायाची दासी’ (१९४१), ‘वसंतसेना’ (१९४२), ‘उमाजी नाईक’ (१९६०), ‘वैजयंता’ (१९६१) असे चित्रपट दिले. त्यांचा स्वतंत्र परामर्श घ्यावयास हवा. प्रस्तुत विवेचनाच्या दृष्टीने अधिक महत्त्वाची गोष्ट म्हणजे त्यांचे अध्यापन. भारत सरकारने १९६० साली पुण्यास फिल्म इन्स्टिट्यूट स्थापन केली ती प्रभातच्या जुन्या वास्तूत, आणि तिचे पहिले प्रमुख जागीरदार झाले. ज्या आवारात मिर्झा आणि रामशास्त्री घडले, त्याच आवारात पुढच्या पिढीला शिकविण्याची व्यवस्था त्यांच्या हाती आली. ‘अभिनय कसा करावा’ या शीर्षकाचे पुस्तकही त्यांनी लिहिले. ‘पाऊलखुणा’ हे आत्मकथन लिहिले. अभिनय ही दैवी देणगी असून ती शिकविता येत नाही, असे मानणाऱ्या वातावरणात ‘कसा करावा’ असा प्रश्न शीर्षकातच मांडणे, हे नटाच्या कामाकडे विद्या म्हणून पाहण्याचे लक्षण होय.

कारकिर्दीच्या अखेरीस, १९८७ साली, रणजित देसाई यांच्या ‘स्वामी’ या कादंबरीवरील दूरदर्शन मालिकेचे दिग्दर्शन त्यांनी केले. रवींद्र मंकणी यांचे माधवराव आणि मृणाल देव यांची रमाबाई आजही प्रेक्षकांच्या स्मरणात आहेत. माधवराव पेशव्यांच्या ज्या काळात रामशास्त्री न्यायासनावर होते, त्याच काळाकडे जागीरदार त्रेचाळीस वर्षांनी परतले. या वेळी पडद्यामागून. पुढच्याच वर्षी, १३ ऑगस्ट १९८८ रोजी, त्यांचे निधन झाले.

आता पहिल्या प्रश्नाकडे वळता येईल. चरित्रनटाची नोंद कशी ठेवावयाची? भूमिकांची यादी दिल्याने ती होत नाही. जन्मगावाच्या गौरवाने तर मुळीच होत नाही. नटाने समोरच्या पात्रासाठी काय केले, हे प्रसंगागणिक पाहिले तरच ती होईल. मिर्झाविना जिवबाची, भोलाविना राजूची आणि मौलवींविना उमरावची घडण अपुरी राहते. हे ऋण मोजण्याची पद्धती आपल्या समीक्षेत अद्याप रुजलेली नाही. संहितेच्या अभ्यासात तरबेज झालेला विद्यार्थी संवाद वाचतो. संवाद चालू असताना गप्प असलेले पात्र त्याच्या दृष्टीतून निसटते. सुदैवाने ‘रामशास्त्री’, ‘पडोसी’, ‘गाइड’, ‘उमराव जान’ हे चित्रपट आज पुन्हा पुन्हा थांबवून पाहता येतात. गणपतराव जोश्यांच्या अभिनयाविषयी आपणांस ऐकीव वर्णनांवर विसंबावे लागते; जागीरदारांविषयी तसे विसंबून राहण्याचे कारण नाही.

वऱ्हाडचा हक्क जर कोठे असेल तर तो येथे आहे. राज्य नाट्यस्पर्धेच्या निमित्ताने अमरावती व अकोल्याचे हौशी नट दरवर्षी रंगमंचावर उभे राहतात. त्यांतील बहुतेकांच्या वाट्याला नायकाची भूमिका येत नाही. येते ती काकाची, कारकुनाची, पोलिसाची, शेजाऱ्याची. आपली वाक्ये संपली की आपले काम संपले, असे त्यांना वाटत असेल तर त्यांच्यासमोर ठेवावयास अमरावतीत जन्मलेला एक नट आहे. त्याचे उत्तम काम त्याची वाक्ये संपल्यानंतर सुरू होत असे. जागीरदार वऱ्हाडचे होते, हे जन्मनोंदीपुरते खरे आहे. ते वऱ्हाडचे व्हावयाचे असतील, तर येथील नटांनी आणि अभ्यासकांनी त्यांचे ऐकणे पाहावयास शिकले पाहिजे.